रागाची किंमत मोजणारा सिनेमा

रामा शेट्टीला अटक करायला सब-इन्स्पेक्टर अनंत वेलणकर त्याच्या दारात जाऊन उभा राहतो. जाळून टाकून दिलेल्या एका माणसाचा जबाब त्याच्याकडे आहे आणि त्या जबाबात शेट्टीचं नाव आहे. शेट्टी जागचा हलत नाही, आवाजही चढवत नाही. तो एक फोन लावतो. वरिष्ठांचा हुकूम येतो आणि वेलणकरला आल्या पावली परत फिरावं लागतं. गोळी सुटत नाही, काच फुटत नाही, कुणी कुणाला हातही लावत नाही. ‘अर्धसत्य’ आला १९८३ साली. इतक्या वर्षांनंतरही परत फिरताना वेलणकर झालेल्या ओम पुरींच्या चेहऱ्यावर जे काही होतं ते माझ्या नजरेसमोरून हललेलं नाही.

आज पडद्यावर पोलीस अधिकारी येतो तो धुरळा उडवत. पार्श्वसंगीत आधी येतं, मग बूट दिसतात, मग चेहरा. त्याचा राग हीच त्याची शोभा असते. तो चिडला की थिएटरात शिट्ट्या पडतात, त्याने कुणाला भर रस्त्यात तुडवलं की टाळ्या. वेलणकरचा राग त्याला आतून पोखरत होता. तो जिथे फुटायला हवा तिथे फुटत नव्हता आणि फुटला तेव्हा एका फुटकळ चोराचा कोठडीत जीव गेला. शेट्टी मोकळाच राहिला. ‘अर्धसत्य’चे दिग्दर्शक गोविंद निहलानी यांचा सिनेमा वास्तववादी होता असं आपण सहज म्हणून जातो. माझ्या मते त्याचं मोठेपण याहून नेमकं आहे. आपल्या माणसाच्या रागाची किंमत काय, ती कोण भरतं, हा हिशेब त्यांनी प्रत्येक चित्रपटात शेवटपर्यंत मांडला. आजच्या ‘रॉ’ म्हणवणाऱ्या सिनेमात आणि मालिकांत हा हिशेबच दिसत नाही.

निहलानींचा जन्म कराचीतला, १९४० सालचा. फाळणीनंतर कुटुंब भारतात आलं. त्यांनी बंगळुरूच्या श्री जयचामराजेंद्र पॉलिटेक्निकमध्ये छायाचित्रणाचं शिक्षण घेतलं आणि मग व्ही. के. मूर्ती यांच्या हाताखाली काम केलं. मूर्ती म्हणजे गुरुदत्तच्या ‘प्यासा’ आणि ‘कागज के फूल’चे छायालेखक. प्रकाश आणि अंधार यांच्याशी कसं बोलायचं हे ज्यांना ठाऊक होतं, अशा माणसाची ही तालीम. पुढे १९७१ साली सत्यदेव दुबे यांनी विजय तेंडुलकरांच्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’वर मराठी चित्रपट केला, त्याचा कॅमेरा निहलानींकडे होता. मग श्याम बेनेगलांचे ‘अंकुर’, ‘निशांत’, ‘मंथन’, ‘भूमिका’, ‘जुनून’. ‘जुनून’च्या छायाचित्रणाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दिग्दर्शकाच्या खुर्चीत बसण्याआधी या माणसाने जवळजवळ एक दशक दुसऱ्यांच्या गोष्टी डोळ्यांत तेल घालून पाहिल्या होत्या. इतकी उमेदवारी करून मग पहिला चित्रपट करणारे आता किती उरले?

तो पहिला चित्रपट ‘आक्रोश’, १९८०. पटकथा विजय तेंडुलकरांची. लहान्या भिकू या आदिवासी मजुरावर बायकोच्या खुनाचा खटला आहे आणि तो तोंड उघडत नाही. आरोप मान्य करत नाही, नाकारतही नाही. सरकारने नेमून दिलेला तरुण वकील भास्कर कुलकर्णी त्याला विनवतो, समजावतो, चिडतो. हा नुसता बघत राहतो. ओम पुरींचा तो चेहरा! देवीच्या व्रणांनी भरलेला, न बोलणारा. नायकाला संवादच नाहीत असा हिंदी चित्रपट काढायची छाती त्या काळात होती, आणि त्याला पैसे लावणारेही होते.

पण ‘आक्रोश’मध्ये माझं मन जिथे अडकून राहिलं ते पात्र आहे सरकारी वकील दुसाने. अमरीश पुरींनी ते केलं आहे. दुसाने स्वतः आदिवासी समाजातून वर आलेला. हुशार, टापटीप, आपल्या कामात वाकबगार. कुलकर्णी त्याचाच शागीर्द. या दुसानेला घरी निनावी फोन येतात आणि त्याच्या जातीवरून शिव्या दिल्या जातात. तो ऐकतो, फोन ठेवतो आणि दुसऱ्या दिवशी कोर्टात जाऊन आपल्याच समाजातल्या माणसाविरुद्ध खटला चालवतो. कुणासमोर तो कधी रडत नाही की या गोष्टीवर भाषण ठोकत नाही. समाजाच्या उतरंडीबद्दल शंभर पानांच्या निबंधात जे येणार नाही, ते त्या फोन ठेवण्यात आहे. लहान्या गप्प आहे, दुसानेही गप्पच आहे. एक कोठडीत आणि दुसरा बंगल्यात.

शेवटी वडिलांच्या अंत्यविधीसाठी लहान्याला बेड्या घालून आणलं जातं. आपल्या बायकोचं जे झालं तेच आता बहिणीचं होणार हे त्याला तिथे उभ्या असलेल्या माणसांच्या नजरेत दिसतं. तो कुऱ्हाड उचलतो आणि बहिणीलाच मारतो. मग आभाळाकडे तोंड करून जो ओरडतो, तो अख्ख्या चित्रपटभर साठवलेला आवाज. ज्यांच्यावर कुऱ्हाड चालायला हवी ते सुखरूप उभे असतात. इथेही किंमत भरली ती दुबळ्यानेच. दिल्लीच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात ‘आक्रोश’ सुवर्णमयूराचा मानकरी ठरला. हिंदीतल्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. पण त्याहून मोठी गोष्ट ही की असा चित्रपट पाहून लोक चर्चा करत घरी गेले, आणि ती चर्चा पुढे कित्येक दिवस चालली.

त्या काळची आठवण येते ती अशा वेळी. मुंबईत मंत्रालयाजवळचं आकाशवाणी थिएटर हे अशा चित्रपटांचं हक्काचं ठिकाण. प्रभात चित्र मंडळासारख्या फिल्म सोसायट्यांचे खेळ असत. पुण्यात विधी महाविद्यालय रस्त्यावर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय होतं आणि शेजारी फिल्म इन्स्टिट्यूट. या जागांवर येणाऱ्या माणसाच्या खांद्याला शबनम असो नसो, तो चित्रपट पाहायला वेळ काढून, बस बदलून आलेला असे. मध्येच उठून जायची सोय नसे आणि पुन्हा कधी पाहायला मिळेल याची खात्री नसे. त्यामुळे पाहणं मन लावून होत असे. चित्रपटही त्या भरवशावर सावकाश चालत. आज घरबसल्या, बोटाच्या एका हालचालीवर सगळं मिळतं, हे मला मनापासून चांगलं वाटतं; खेड्यातल्या मुलाला आज सत्यजित राय पाहता येतात, तेव्हा येत नव्हते. पण पहिल्या पाच मिनिटांत प्रेक्षक निसटेल, ही धास्ती आता लिहिणाऱ्याच्या मानगुटीवर बसलेली असते. लहान्या भिकूचं मौन त्या पाच मिनिटांत कसं मावणार?

‘अर्धसत्य’ मात्र अशा ठरावीक जागांपुरता राहिला नाही. तो साध्या टॉकीजमध्ये लागला आणि चालला. आमच्या वाड्यात एक हवालदारकाका राहत. सिनेमाचा त्यांना शौक नव्हता, पण पोलिसांवरचा आहे म्हणून ते गेले. परत आल्यावर ओट्यावर बसून एवढंच म्हणाले, “साहेबाचा फोन आला की असंच होतं.” मग बराच वेळ काही बोलले नाहीत. वर्तमानपत्रांतून आलेली सगळी परीक्षणं मी विसरलो. हे एक लक्षात आहे.

हा चित्रपट मराठी माणसाने आपला म्हणावा इतका मराठी आहे, आणि हे आपण पुरेसं बोलत नाही. मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची, ‘सूर्य’. पटकथा तेंडुलकरांची. संवाद वसंत देव यांचे. रामा शेट्टी झालेले सदाशिव अमरापूरकर नगरचे, मराठी रंगभूमीवरून आलेले, आणि त्यांचं हिंदीतलं हे पहिलंच काम. शफी इनामदार होते, स्मिता पाटील होती. आणि कविता दिलीप चित्रे यांची.

तो कवितेचा प्रसंग जरा थांबून पाहावा असा आहे. वेलणकरची मैत्रीण ज्योत्स्ना गोखले, म्हणजे स्मिता पाटील, एका कॉलेजात शिकवते. वेलणकर आणि ती हॉटेलात बसले आहेत. तिच्याकडचं पुस्तक तो सहज हातात घेतो, त्यातली एक कविता वाचू लागतो. सुरुवातीला आवाज कोरडा, पंचनामा वाचावा तसा. चक्रव्यूहाची कविता आहे. दोन-चार ओळी होतात आणि त्याचा आवाज खाली येतो, वेग मंदावतो. आपल्याबद्दलच कुणीतरी लिहून ठेवलंय हे त्याला कळत जातं आणि ते आपल्याला दिसत जातं. समोर स्मिता पाटील नुसती ऐकते आहे. तिच्या चेहऱ्यावरची सुरुवातीची गंमत हळूहळू मावळते. पोलिसावरच्या चित्रपटाचा कणा म्हणून एक कविता ठेवायची, आणि ती पार्श्वभूमीला न ठेवता नायकाच्या तोंडून, चहाच्या टेबलावर, पूर्ण वाचून घ्यायची! लेखकावर आणि प्रेक्षकावर एवढा विश्वास टाकणारा दिग्दर्शक त्या घडीला होता.

वेलणकरचा राग कुठून आला हेही चित्रपट सांगतो. बाप पोलिसात होता, आईला मारायचा, आणि लहानगा अनंत ते पाहत उभा राहायचा. पुढे शिकायची इच्छा असताना बापानेच त्याला पोलिसात ढकललं. तेव्हापासून त्याला एकच भीती, की आपण पुरे पुरुष नाही. ती भीती लपवायला तो हात उगारतो. शौर्याचं श्रेय दुसऱ्याच अधिकाऱ्याला जातं तेव्हा ती भीती डोकं वर काढते, दारू वाढते, आणि रेडिओ चोरणारा एक फाटका माणूस कोठडीत मरतो. त्या मारहाणीत पडद्यावर वीरश्री नाही. पाहताना आपल्याला लाज वाटते. ज्योत्स्नाही त्याच्यापासून दूर होते, आणि चित्रपट तिला दोष देत नाही. शेवटी निलंबनाच्या सावटाखाली तो शेट्टीकडे मदत मागायला जातो. शेट्टी आता निवडणूक जिंकलेला. तो मदतीची किंमत सांगतो आणि वेलणकर त्याचा गळा आवळतो. मग चालत जाऊन पोलिसांच्या स्वाधीन होतो. टाळी घ्यावी असा तो क्षण नाही.

लक्षात घ्या, हा चित्रपट आला त्याच्या आदल्या वर्षीच, जानेवारी १९८२ मध्ये, मुंबईत गुंड मन्या सुर्वे पोलिसांच्या गोळ्यांनी मारला गेला होता. त्या चकमकीपासून पुढे शहरात चकमकींचं युग सुरू झालं आणि काही वर्षांत चकमकफेम अधिकारी हे कौतुकाने घेतलं जाणारं नाव झालं. सिनेमाही त्या कौतुकामागे गेला. ‘अर्धसत्य’ने जो प्रश्न विचारला होता, की हतबल कायदा हातात काठी घेतो तेव्हा आधी कुणाला मारतो, त्याचं उत्तर न देता आपण पुढे निघून आलो. ओम पुरींना या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, कार्लोव्ही व्हेरीच्या महोत्सवातही अभिनयाचा पुरस्कार मिळाला. फिल्मफेअरनेही हा चित्रपट डोक्यावर घेतला. म्हणजे बाजाराला असा सिनेमा वर्ज्य होता असंही नाही.

तेव्हाचा निहलानींचा वेग पाहिला की थक्क व्हायला होतं. १९८२ मध्ये हवाई दलावरचा ‘विजेता’, ८३ मध्ये ‘अर्धसत्य’, ८४ मध्ये ‘पार्टी’, मग ‘आघात’. ‘पार्टी’ महेश एलकुंचवारांच्या नाटकावर. एलकुंचवार ‘आक्रोश’मध्ये कार्यकर्त्याच्या भूमिकेत पडद्यावरही दिसले होते. ‘पार्टी’त विजया मेहता, मनोहर सिंग, रोहिणी हट्टंगडी, अमरीश पुरी. एका श्रीमंत बाईच्या घरी जमलेले लेखक-कलावंत रात्रभर बोलतात आणि जो तिथे नाही, जो आदिवासींमध्ये जाऊन काम करतोय, त्या अमृतची सावली सगळ्यांवर पडत जाते. पैसा राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा. आजही हा चित्रपट पाहताना साहित्यिक मंडळींना आपली खुर्ची टोचेल.

‘आघात’चा विषय आता कुणी फारसा काढत नाही. दोन कामगार संघटनांमधली लढाई, आणि मधे अपघातात जायबंदी झालेला एक कामगार, ज्याच्या नुकसानभरपाईचं दोन्ही संघटनांना हत्यार हवं आहे. कथा पुन्हा तेंडुलकरांची. मुंबईतला गिरणी संप १८ जानेवारी १९८२ ला सुरू झाला होता, सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले होते आणि त्यातले बहुतेक परत आत गेलेच नाहीत. त्या दिवसांत परळ-लालबागला राहिलेल्या माणसाला ‘आघात’ परका वाटणं शक्य नव्हतं. आज फिनिक्स मिलच्या जागी मॉल आहे आणि त्यात मल्टिप्लेक्सही आहे. कामगार संघटनेच्या बैठकीवर उभा असलेला चित्रपट तिथे लागेल, अशी कल्पनाही आता करवत नाही. कामगार शहरातून गेले, तसे ते पडद्यावरूनही गेले.

मग १९८८ साली ‘तमस’. भीष्म साहनींची कादंबरी, फाळणीच्या तोंडावरचं पंजाबातलं एक गाव, आणि दूरदर्शन. फाळणीत जन्मगाव सोडावं लागलेल्या दिग्दर्शकाने ती हाती घ्यावी आणि कॅमेऱ्यामागे त्याचे गुरू व्ही. के. मूर्ती असावेत, हा योग मला फार हृद्य वाटतो. नत्थू चांभार कोंदट खोपटात डुक्कर मारायला झगडतो, त्या लांबलचक प्रसंगाने मालिका सुरू होते. आपण कशासाठी वापरले जातोय हे त्याला माहीत नाही. हातात पाच रुपये पडले आहेत एवढंच. वाड्यात ज्यांच्याकडे टीव्ही होता त्यांच्या घरात आम्ही दाटीवाटीने बसलो होतो. मोठी माणसं गप्प होती, पोरांना कुणी बाहेर पाठवलं नाही. मालिका बंद पाडायची मागणी न्यायालयात गेली. मुंबई उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींनी ती स्वतः पाहिली आणि प्रक्षेपण चालू ठेवलं. सर्वोच्च न्यायालयानेही तेच केलं. सरकारी वाहिनी, रात्रीची वेळ, आणि सगळा देश एकाच वेळी आपल्या जखमेकडे बघतोय, हे पुन्हा घडलेलं मी पाहिलेलं नाही. आज प्रत्येकाचा पडदा वेगळा आहे. वादग्रस्त म्हटलं की निर्मात्याचाच हात आधी मागे येतो.

नव्वदीत वारं फिरलं. ‘दृष्टी’सारखा नाजूक चित्रपट त्यांनी केला, त्याला किशोरी आमोणकरांचं संगीत होतं. ‘द्रोहकाल’ मला त्यांच्या उत्तम कामांत धरावासा वाटतो. दहशतवादाशी लढणारा पोलीस अधिकारी स्वतःच कसा आतून मोडत जातो याचा तो चित्रपट. कमल हासनने तो तमिळमध्ये ‘कुरुतिपुनल’ म्हणून पुन्हा केला. ‘हजार चौरासी की माँ’ महाश्वेता देवींच्या कादंबरीवर. त्यातून जया बच्चन पुन्हा मोठ्या पडद्यावर आल्या. ‘तक्षक’ मात्र फसला. मोठे तारे, ए. आर. रहमानचं संगीत, आणि निहलानींचा कणखरपणा या गोष्टी एकत्र नांदल्या नाहीत.

२००४ चा ‘देव’ पाहताना मात्र मी चमकलो होतो. अमिताभ बच्चन आणि ओम पुरी, दोघेही मुंबई पोलिसातले बडे अधिकारी, जुने मित्र. शहरात दंगल पेटते तेव्हा पोलिसांना मागे खेचणारा, माणसं मरू देणारा अधिकारी कोण, तर ओम पुरी! वीस वर्षांपूर्वी ज्या चेहऱ्याने फोनपुढे हार मानली होती, तोच चेहरा आता फोनच्या दुसऱ्या टोकाला बसला होता. चित्रपट म्हणून ‘देव’ ‘अर्धसत्य’च्या जवळपासही जात नाही, पण व्यवस्थेत टिकलेल्या माणसाचं शेवटी काय होतं याचं इतकं कठोर उत्तर निहलानींनी दुसरीकडे कुठे दिलेलं नाही.

आणि मराठी? इतकी मराठी साहित्याची साथ लाभलेल्या या दिग्दर्शकाने मराठी चित्रपट केला तो २०१७ साली, वयाच्या शहात्तराव्या वर्षी. ‘ती आणि इतर’, मंजुळा पद्मनाभन यांच्या ‘लाइट्स आउट’ नाटकावर. शेजारून एका बाईच्या किंकाळ्या ऐकू येतात आणि सुशिक्षित माणसं काय करावं याची चर्चा करत राहतात. त्याच वर्षी जानेवारीत ओम पुरी गेले होते. स्मिता पाटील १९८६ मध्येच गेली. तेंडुलकर, चित्रे, अमरीश पुरी, अमरापूरकर, सगळे एकेक करून गेले. मराठी प्रेक्षकांनीही ‘ती आणि इतर’कडे पाठ फिरवली याची मला खंत आहे.

सगळं संपलं असं मात्र मी म्हणणार नाही. नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’त जब्या शेवटी दगड भिरकावतो आणि तो सरळ आपल्या अंगावर येतो, लहान्या भिकूच्या किंकाळीला तीसेक वर्षांनी मिळालेलं ते उत्तर आहे, आणि या वेळी बहिणीचा बळी जात नाही. चैतन्य ताम्हाणेच्या ‘कोर्ट’मध्ये कॅमेरा जागचा हलत नाही आणि खालच्या कोर्टाचा कंटाळाच माणसाला कसा चिरडतो हे दिसतं. हे दोघेही कुणाची नक्कल करत नाहीत. पण हिशेब तोच मांडतात. बाकी जे ‘डार्क’ आणि ‘ग्रिटी’ म्हणून समोर येतं, त्यात शिव्या खऱ्या असतात, रक्त खरं दिसतं, झोपडपट्टीही खरी असते. फक्त माणूस मेला की पुढच्या भागात कुणाला त्याची आठवण राहत नाही.

तेव्हा एक करा. पानवलकरांची ‘सूर्य’ ही कथा कुठल्या ग्रंथालयात मिळाली तर आधी वाचा, आणि मग मध्ये न थांबवता, फोन बाजूला ठेवून ‘अर्धसत्य’ पाहा. घरात पोलीसपटांचे चाहते असलेली मुलं असतील तर त्यांनाही शेजारी बसवा. चित्रपट संपल्यावर त्यांना काय वाटलं ते विचारा, आणि ते सांगतील ते ऐकून घ्या.